साहेबांच्या आवाजाची सोय

माणूस माईकसमोर उभा राहिला की खरा कळतो, असं भोंगेवालीचं मत होतं, आणि ते काही तिला फुकट मिळालेलं नव्हतं. बापामागे भोंगे-स्पीकरचं दुकान सांभाळायला लागल्यापासून ती प्रत्येक समारंभात स्टेजच्या कडेला, टेबलामागे बसून माणसं बघत आली होती. काही लोक माईकला विंचू समजतात, हातभर लांबून बोलतात. काही त्याला खाऊ की गिळू करतात. काही आधी टिचक्या मारतात, फुंकर घालतात, “येतोय का आवाज?” म्हणून विचारतात. आवाज येतोय हे शेवटच्या रांगेतल्या म्हाताऱ्यालाही कळलेलं असतं, विचारणाऱ्यालाच खात्री हवी असते. या सगळ्यांचं तिला काही वाटत नसे. तिला गंमत वाटायची ती चौथ्या प्रकारच्या माणसांची. ही माणसं माईकवर बोलत नाहीत, स्वतःला ऐकतात. अशांच्या हातून माईक काढून घेणं म्हणजे वाघाच्या तोंडातून हाड काढणं.

दरारासाहेब या चौथ्या प्रकारातले.

ते गावातल्या पोलीस ठाण्याचे मुख्य इन्स्पेक्टर. नाव त्यांना लोकांनी मागून दिलं होतं. एकदा ते त्यांच्या कानावर गेलं आणि त्यांना आवडलं, मग लोक पुढूनही म्हणू लागले. मिशीला पीळ, पोटाला पट्टा आणि जिभेला काही नाही, अशी मूर्ती. गावात काहीही उघडायचं असो, साहेब बोलायला हवेतच. न बोलावलं तर दुसऱ्या दिवशी आयोजकाच्या गाडीचे कागद तपासले जायचे.

वाचनालयाच्या उद्घाटनाला असंच बोलावलं होतं. त्या दिवशी टेबलावर भोंगेवालीचा धाकटा भाऊ होता. पोरगा कामात बापापेक्षा सरस. डोळे मिटून सांगायचा, डाव्या बाजूचा स्पीकर कण्हतोय, वायर बघा. साहेब भाषणात रंगले, माईक स्टँडवरून उपसून स्टेजभर फिरू लागले आणि फिरता फिरता थेट स्पीकरच्या पुढ्यात जाऊन उभे राहिले. माईक स्पीकरच्या तोंडी गेला की काय होतं ते शाळेतल्या शिपायालाही माहीत असतं. अशी शिट्टी निघाली की पहिल्या रांगेतल्या पोरांनी कानांवर हात घेतले. धाकट्याने झटक्यात आवाज खाली ओढला. शिट्टी थांबली, पण तिच्याबरोबर साहेबांचं वाक्यही गेलं. साहेबांचा हात हवेत, तोंड उघडं, आणि आवाज नाही. जुन्या मूक सिनेमासारखं. आधी एक पोरगी हसली, मग रांग हसली, मग वाचनालयाच्या अध्यक्षांनी हसू दाबायला रुमाल काढला, आणि तो रुमाल साहेबांना दिसला.

दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब दुकानात आले. अंगात टी-शर्ट, पायात चपला, बाहेर स्वतःची गाडी. धाकट्याला म्हणाले, “चल, जरा काम आहे.” भोंगेवाली तेव्हा माल आणायला गेली होती. परत आली तर दुकान उघडं, वायरी डागायचं सोल्डरिंग आयर्न तापत पडलेलं, आणि भाऊ नाही.

संध्याकाळी तो ठाण्यातून आला तेव्हा त्याच्या डाव्या कानातून मानेपर्यंत रक्ताचा ओघळ सुकलेला होता. तळहात वाटीसारखा करून मारला की हवा आत कोंडते आणि पडदा जातो. साहेबांना हे कुठून ठाऊक, हे विचारण्यात अर्थ नव्हता. ते त्यांच्या कामाचं शिक्षण. मारताना ते म्हणाले होते, “शिट्टी आवडते ना तुला? ऐक आता जन्मभर.”

आणि हे मात्र शब्दशः खरं झालं. डॉक्टरांनी सांगितलं, डाव्या कानाला आता बाहेरचं काही ऐकू येणार नाही. फक्त आतून एक बारीक शिट्टी वाजत राहील. राहीलच.

* * *

धाकटा विनोद करून दिवस ढकलायचा. “ताई, आता तुझी बोलणी या कानानं ऐकून त्या कानानं सोडता येत नाहीत बघ. तिकडचं दार बंद झालंय.” ती हसायची नाही. टेबलावर बसायचं त्याने सोडलं होतं. एका कानाने आवाज कळतो, पण तो कुठून येतो ते कळत नाही, आणि त्यांचा सगळा धंदा त्या 'कुठून'वरच चालतो. आता तो वायरी गुंडाळायचा. इतक्या सुबक गुंडाळायचा की बघवत नसे.

भोंगेवाली तक्रारीला गेली. ठाण्याची तक्रार ठाण्यात कोण घेणार, म्हणून कोर्टात गेली. वकीलकाका तिच्या बापाचे दोस्त. घसा कायम बसलेला, त्यामुळे तोंडात कायम एक गोळी, आणि माईकशिवाय आयुष्य काढलेला शहाणा माणूस. त्यांनी अर्ज केला. कोर्टाने विचारलं, परवानगी आणली का?

“कसली परवानगी?” भोंगेवालीने बाहेर येऊन विचारलं.

“पोलिसानं नोकरीचं काम करताना काही केलं आणि त्याच्यावर खटला भरायचा झाला, तर आधी त्याच्या खात्याची परवानगी लागते,” काका म्हणाले. “कायदा आहे तसा.”

“म्हणजे चोराला पकडायचं तर आधी चोराच्या थोरल्या भावाला विचारायचं?”

“तसं नाही गं. कायदा मुळात वाईट नाही. उद्या कुणीही गुंड उठेल आणि प्रामाणिक शिपायावर दहा खटले ठोकेल. शिपायानं मग कामं करायची की कोर्टाच्या पायऱ्या झिजवायच्या? म्हणून ही छत्री दिलीय.”

“आणि छत्रीखाली कोण उभं आहे ते कोणी बघत नाही.”

काकांनी गोळी या गालातून त्या गालात नेली. “परवानगी मागू तर खरं.”

मागितली. बऱ्याच महिन्यांनी खात्याचं उत्तर आलं, खाली साहेबांच्याही वरच्या साहेबांची सही. ध्वनिमर्यादा भंगाच्या तक्रारीची चौकशी करीत असता संबंधित इसमाने विरोध केल्याने कर्तव्याचा भाग म्हणून किमान बळ वापरण्यात आले. सबब परवानगी नाकारण्यात येत आहे.

'किमान बळ' हे दोन शब्द भोंगेवालीच्या दातात अडकले. ते काही केल्या निघेनात. भाजी चिरताना ती मध्येच म्हणायची, “किमान बळात एक कान. सढळ हातानं वापरलं असतं तर डोकंच गेलं असतं, नाही का?” आणि सुरी पाटावर अशी उतरायची की धाकटा उजवा कानसुद्धा झाकून घ्यायचा.

ध्वनिमर्यादेची तक्रार कुणी केलीच नव्हती, हे सगळ्या गावाला माहीत होतं. पण माहीत असणं वेगळं आणि बोलणं वेगळं. समोरच्या घड्याळवाल्याने साहेबांना टी-शर्टात, स्वतःच्या गाडीतून येताना पाहिलं होतं. भोंगेवाली त्याच्याकडे गेली. तो डोळ्याला भिंग लावूनच बोलला.

“माझं कसं आहे, ताई, या डोळ्याला भिंग असतं आणि तो डोळा मिटलेला असतो. रस्त्यावरचं मला काही दिसत नाही.”

“घड्याळं मात्र सगळ्या गावाची बरोबर लावतोस.”

“माझं स्वतःचं मागे आहे ना,” तो म्हणाला, आणि लाजून खाली बघत राहिला. तिने ही बाकी मनात मांडून ठेवली. तिची स्मरणशक्ती या बाबतीत फार चांगली होती. कोण रुमालामागे हसलं, कुणी भिंग लावलं, कोण रस्ता ओलांडून पलीकडे गेलं, सगळं जिथल्या तिथे.

वकीलकाकांना ती एकदाच नेमकं विचारून आली. “छत्री काढून घेता येते का?”

“एकाच रीतीनं. छत्री सरकारची आहे. पोलीस सरकारच्या कामाला निघाला तर डोक्यावर. स्वतःच्या भांडणाला निघाला तर भिजायचं. तुझ्या भावाला मारलं ते कामापोटी नाही, खासगी रागापोटी, हे दाखवता आलं तर परवानगीचा प्रश्नच येत नाही. पण दाखवणार कोण? साक्षीदार नाही. ते काय स्वतःच्या तोंडानं सांगणार आहेत?”

भोंगेवालीने उठून पिशवी खांद्याला लावली. मग म्हणाली, “काका, तुम्ही त्यांना कधी माईकवर ऐकलंय?”

* * *

साहेबांची निवृत्ती जवळ आली. खात्याच्या सभागृहात निरोप समारंभ ठरला. आवाजाची व्यवस्था कुणाकडून आणायची असा प्रश्न निघाला तेव्हा साहेब मिशीला हात लावून म्हणाले, “त्यांच्याचकडून आणा. शिट्टीवाल्याकडून. बघू, या वेळी आवाज कसा येतो.” हवालदार हसले. त्यांना हसावंच लागतं, तोही नोकरीचाच भाग.

इथे साहेब चुकले, पण त्यांच्यासारख्या माणसाला ही चूक टाळता येत नाही. नुसतं जिंकून त्याचं भागत नाही. हरलेल्याने येऊन खुर्च्या मांडाव्यात असं त्याला वाटतं.

निरोप घेऊन शिपाई दुकानात आला तेव्हा त्याला वाटलं होतं बाई अंगावर धावून येईल. भोंगेवाली म्हणाली, “येऊ की. साहेबांना सांगा, आवाजाची अशी सोय करते की आयुष्यात विसरणार नाहीत.”

शिपाई गेला आणि धाकट्याने हातातलं वायरीचं वेटोळं जमिनीवर टाकलं.

“तू त्याच्या सत्काराला स्पीकर लावणार?”

“लावणार.”

“लाज नाही वाटत?”

“नंतर वाटून घेईन. सावकाश.”

“मग मीही येतो,” तो म्हणाला. “टेबलावर मी बसणार. बोलायला उठला की अशी शिट्टी काढतो की सगळं सभागृह दणाणेल.”

“येच तू. पहिल्या रांगेच्या कडेला, त्याला दिसशील असं बसायचंय तुला टेबलावर.” तिने वेटोळं उचलून त्याच्या हातात दिलं. “पण ऐक. त्या संध्याकाळी एक शिट्टी नाही. एक खरखर नाही. त्याचा आवाज मधासारखा आला पाहिजे.”

“का?”

“शिट्टी वाजली की तो थांबेल. मला तो थांबायला नकोय.”

धाकटा दोन दिवस तिच्याशी बोलला नाही. शेजाऱ्यापाजाऱ्यांनी तिच्यावर बरंच तोंडसुख घेतलं. कुणी म्हणालं पोटासाठी माणूस काय करेल सांगता येत नाही, कुणी म्हणालं भावाचा कान विकला. घड्याळवाल्याने मात्र भिंग काढून एकदा तिच्याकडे नीट पाहिलं.

समारंभाच्या आधी निवेदक दुकानात आला. हा शाळेत भाषा शिकवायचा आणि संध्याकाळी गावातले सगळे समारंभ चालवायचा. त्याच्या शब्दांना कायम इस्त्री असायची. समारंभाआधी भोंगेवालीच्या दुकानात येऊन तिच्या माईकवर तालीम करायची, ही त्याची जुनी पद्धत. त्याने कागद उघडला आणि सूर लावला, “स्वतःच्या मनगटाच्या बळावर ज्यांनी या शहराला शिस्त लावली...”

“मास्तर,” भोंगेवाली वायर सोलता सोलता म्हणाली, “वरचे साहेब अध्यक्ष आहेत ना?”

“आहेत. का?”

“काही नाही. मनगट यांचं, शिस्त यांची, मग अध्यक्षांनी काय केलं असं त्यांना वाटायला नको. पुढचे समारंभही तेच देणार तुम्हाला.”

मास्तरांचा चेहरा पडला. “अरे, हे लक्षातच आलं नाही. मग काय म्हणावं?”

“मला अडाणीला काय कळतंय. पण 'वरिष्ठांच्या आदेशाबाहेर ज्यांनी कधी बोटही उचललं नाही,' असं काहीसं? 'आदेशाचा पाईक' वगैरे तुम्हाला जमतंच.”

“वा!” मास्तरांनी लगेच लिहून घेतलं. “यात नम्रता आहे.”

“भरपूर आहे,” भोंगेवाली म्हणाली. “आणि साहेबांच्या अंगात ती अजिबात बसत नाही,” हे तिने वायरीला सांगितलं.

* * *

सभागृह भरलं होतं. व्यापारी, शाळांचे मुख्याध्यापक, वाचनालयाचे अध्यक्ष नवा रुमाल घेऊन, आणि खात्याचे लोक कडक इस्त्रीत. स्टेजवर मधोमध बोलायचा स्टँड. त्याच्या पायाशी, बोलणाऱ्याकडे तोंड करून, भोंगेवालीने एक छोटा स्पीकर ठेवला होता. तो लोकांसाठी नसतो, बोलणाऱ्याला स्वतःचा आवाज ऐकू यावा म्हणून असतो. दुकानात त्याला मॉनिटर म्हणायचे. साध्या वक्त्याला ती तो कधी लावत नसे. आज तिने दुकानातला सगळ्यात चांगला आणला होता, आणि त्यात खर्ज वाढवून किंचितसा घुमारा सोडला होता. कुणाचाही आवाज त्यातून डोंगरावरून आल्यासारखा यावा.

खात्याने आधीच सांगून ठेवलं होतं, सगळा कार्यक्रम रेकॉर्ड करा, प्रत दप्तरी हवी. ते ती नेहमीच करायची.

मास्तर उभे राहिले आणि कागदाप्रमाणे चालले. आदेशाचा पाईक झाला. बोटही न उचलणारा झाला. पहिल्या रांगेत साहेबांच्या मिशीची एक बाजू हलली. मग अध्यक्ष उठले. वरचे साहेब बोलायला कंटाळलेले, आयतं वाक्य मिळालं ते त्यांनी उचललं. “मास्तरांनी अगदी योग्य सांगितलं. मी सांगावं आणि यांनी करावं. स्वतःची अक्कल चालवायची नाही, हा यांचा मोठा गुण.”

टाळ्या पडल्या. साहेबांनी वाजवल्या नाहीत.

त्यांची पाळी आली तेव्हा हातात कागद होता. पहिली दोन वाक्यं त्यांनी वाचली आणि ती मॉनिटरमधून त्यांच्याकडे परत आली. जाड, घुमणारी, राजाची असावीत तशी. साहेब क्षणभर थांबले. आपला आवाज इतका मोठा आहे हे त्यांना नेहमीच वाटत आलं होतं, आज कुणीतरी पहिल्यांदा मान्य केलं. त्यांनी कागदाची घडी केली आणि खिशात घातली.

टेबलामागे भोंगेवालीने रेकॉर्डिंगचा लाल दिवा बघून घेतला.

“आदेशाचा पाईक म्हणालात,” साहेब मास्तरांकडे वळून म्हणाले. “बरं वाटतं ऐकायला. पण मी या गावात एवढी वर्षं काढली ती काय वरून फोन येण्याची वाट बघत?” हशा. “आदेश कागदावर असतात. गाव कागदावर चालत नाही. गाव यावर चालतं.” त्यांनी उजवा तळहात वर केला. टाळ्या आल्या. मॉनिटरने त्या टाळ्यांवर साहेबांचंच हसू पसरून त्यांना परत केलं.

मग त्यांची नजर टेबलावर गेली. धाकटा बसला होता, अगदी समोर.

“हे बघा, हे बसलेत. शिट्टीवाले!” सगळ्यांच्या माना वळल्या. “माझ्या भाषणात शिट्टी वाजवली होती यांनी. भर सभेत. लोक हसले होते, काही रुमालातून हसले होते, मला सगळे आठवतात.” वाचनालयाच्या अध्यक्षांनी रुमाल खिशात कोंबला. “नंतर हे कोर्टात गेले. तिथे काय निघालं? म्हणे ध्वनिमर्यादेची तक्रार, म्हणे चौकशी, म्हणे कर्तव्य. अहो, कसली तक्रार! कुणीही केली नव्हती!”

धाकट्याचा हात आवाजाच्या पट्टीवर होता. भोंगेवालीला त्याच्या हाताची ताठलेली शीर दिसली. एवढीशी पट्टी वर सारली असती तर सभागृह फाटलं असतं. तिने त्याच्या मनगटावर हात ठेवला आणि दाबून धरला.

“सुट्टी होती माझी त्या दिवशी!” साहेबांचा आवाज घुमला. “दप्तरात नंतर ड्यूटी लावली, ते आमच्या साहेबांचं प्रेम.” त्यांनी अध्यक्षांकडे हात केला. अध्यक्ष खुर्चीत सरळ झाले होते. “मी घरून गेलो. माझ्या गाडीतून. माझ्या चपला घालून. कुणाचा आदेश नाही, कुणाचा फोन नाही. माझा अपमान, माझा हात! त्यानंतर या गावात माझ्या भाषणात कुणाची शिट्टी ऐकलीत? बोला!”

कुणीच बोललं नाही. काही हवालदार सवयीने हसले, मग अध्यक्षांच्या तोंडाकडे पाहून हसू आवरतं घेतलं. साहेबांना मात्र ती शांतता आदराची वाटली. मॉनिटरमधून 'बोला' हा शब्द अजून त्यांच्याकडे परत येत होता. ते आणखी बरंच बोलले. त्यांना कुणी अडवलं नाही. आवाज मधासारखा येत होता.

उचलली जीभ लावली टाळ्याला म्हणतात. झाकली मूठ सव्वा लाखाची होती, ती त्यांनी भर सभेत उघडून दाखवली, आणि तीही उजव्या हाताची.

भोंगेवालीने भावाचं मनगट सोडलं तेव्हा त्यावर तिच्या बोटांचे वळ उठले होते.

“दुखतंय?” तिने विचारलं.

“किमान बळ होतं,” धाकटा म्हणाला. तिच्याशी बऱ्याच दिवसांनी हसून बोलला.

* * *

कोर्टात ती प्रत वाजवली तेव्हा तिथला स्पीकर इतका फाटका होता की भोंगेवालीला लाज वाटली. पण शब्द कळत होते. साहेबांच्या वकिलाने परवानगीचा मुद्दा उचलला, कर्तव्य, किमान बळ, सगळं म्हणून झालं. न्यायाधीशबाईंनी ते वाक्य पुन्हा लावायला सांगितलं. सुट्टी होती माझी त्या दिवशी. मग चष्मा काढून त्या म्हणाल्या, “आरोपी स्वतःच म्हणतात की हे सरकारी काम नव्हतं. मग सरकारच्या परवानगीची गरज काय? खटला चालवा.”

याहून गोड गोष्ट खात्याकडून आली. वरच्या साहेबांनी तातडीने कोर्टाला पत्र पाठवलं की त्या दिवशीच्या हजेरीबाबत निवृत्त अधिकाऱ्याने आपली दिशाभूल केली होती, आणि सदर कृत्याशी खात्याचा काहीही संबंध नाही. पत्राची प्रत दुकानात द्यायला आला तो साहेबांच्या विनोदावर हसणाऱ्यांपैकीच एक हवालदार होता. आताही तो हसत होता, पण आता पगारात नव्हतं ते.

घड्याळवाला आपणहून आला. म्हणाला, “टी-शर्ट निळा होता, ताई. सांगीन मी.” भोंगेवालीने त्याच्या नावावरची बाकी खोडली. पूर्ण नाही. अर्धी.

एका दुपारी साहेब दुकानात आले. टी-शर्ट, चपला. मिशीचा पीळ सैल. भोंगेवाली मागच्या फळीवर स्पीकर लावत होती, धाकटा पुढे बसून वायर गुंडाळत होता. रस्त्यावर माणसं होती. समोर घड्याळवाल्याने भिंग काढून ठेवलं होतं.

साहेबांनी रस्त्याकडे पाहिलं. कुणाला ऐकू जाऊ नये म्हणून ते काउंटरवर वाकले, धाकट्याच्या अगदी जवळ गेले आणि हलक्या आवाजात बोलू लागले. ओठ हलत होते. हात जोडले गेले होते. एकदा डोळेही पुसले. भोंगेवाली फळीवरून बघत होती. एवढा मोठा आवाज असलेला माणूस इतकं बारीक बोलू शकतो हे तिला आज कळलं. ते बरंच काही बोलले. मग थांबले आणि धाकट्याच्या तोंडाकडे बघत राहिले.

धाकट्याने वेटोळं पूर्ण केलं, गाठ मारली, खाली ठेवलं आणि मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं.

“काही म्हणालात का, साहेब?”

साहेबांना कळेना.

“तो डावा कान आहे,” धाकटा म्हणाला. “तिकडे नुसती शिट्टी वाजते.”

साहेब गडबडीने दुसऱ्या बाजूला यायला निघाले. भोंगेवाली फळीवरून उतरली होती. तिने खालच्या खणातून माईक काढला, वायर जोडली, दुकानाबाहेर रस्त्याकडे तोंड करून ठेवलेला मोठा भोंगा चालू केला, आणि माईक साहेबांपुढे काउंटरवर ठेवला. मॉनिटरही आणून त्यांच्या पायाशी ठेवला.

“यात बोला,” ती म्हणाली. “मघाचंच. पहिल्यापासून.”

रस्त्यावरची माणसं थांबली. साहेबांनी माईककडे पाहिलं. आयुष्यात पहिल्यांदाच ते त्याच्यापासून हातभर लांब उभे होते, विंचू असावा तसे.

भोंगेवालीने वाकून माईकवर दोन टिचक्या मारल्या. त्या सगळ्या रस्त्याने ऐकल्या.

“येतोय आवाज, साहेब,” ती म्हणाली. “आम्ही थांबतो.”